हात लागलेला मोहरा

मुलांनो, मोबाईलवर बुद्धिबळ खेळताना तुम्ही चुकलेली चाल मागे घेता, तेव्हा मला उमरखेडच्या भाजीबाजारात दिसणारा एक माणूस आठवतो. वय चाळिशीचं, शर्ट फिका पण इस्त्रीचा, दोन्ही हात पाठीमागे बांधलेले. वांग्यांच्या ढिगासमोर तो बराच वेळ नुसता बघत उभा राही. मग एकच वांगं उचली आणि ते थेट पिशवीत टाकी.

"सर, वांगं चावत नाही! दाबून पाहा नं," भाजीवाली हसायची.

"हात लागला की घ्याच लागते, बाई," तो म्हणायचा.

एकदा मी कारण विचारलं. पूर्वी तो देशभर बुद्धिबळाच्या स्पर्धा खेळायचा, आता घरोघरी जाऊन मुलांना शिकवतो. मास्टरचा किताब मिळायला शेवटचा डाव नुसता बरोबरीत सुटला असता तरी चाललं असतं. त्याला हत्ती उचलायचा होता, पण बोट घोड्याला लागलं. हात लागेल तोच मोहरा चालवायचा, असा नियम. त्याने घोडा चालवला आणि तो हरला. तशी संधी पुन्हा आली नाही.

"समोरचा पाणी प्याले गेलता, काकू. कोणीच पाह्यलं नाही. पण बोटाले तं मालूम होतं नं."

"पस्तावा होतो?"

पिशवी सावरून त्याने हात पुन्हा पाठीमागे बांधले. "रोज होते."

तो गेल्यावर, दाबून पाहिलेलं हातातलं वांगं मला ढिगात परत ठेववेना. घरी येऊन चिरलं, तर आत अळी होती.