राष्ट्रपती भवनातलं गाऱ्हाणं

आबांचे आवाज दोन होते. घरात ते इतकं हळू बोलायचे की ओट्यावरची कोंबडीसुद्धा मान वळवायची नाही. आणि देवळात, सभामंडपाच्या खांबाला हात लावून गाऱ्हाणं घालायला उभे राहिले की तोच माणूस ओहोळापलीकडच्या वाडीला ऐकू जायचा. पेडण्यातल्या त्या गावात मी हिंदीचा शिक्षक म्हणून आलो, तेव्हा पहिल्याच जत्रेला शेजारच्या गृहस्थांना विचारलं, "माईक कुठे लावलाय?" त्यांनी माझ्याकडे कीव आल्यासारखं पाहिलं.

गाऱ्हाणं म्हणजे गावाच्या वतीने देवापुढे केलेली विनवणी. ती घालायचा मान गावच्या मानकऱ्याचा, म्हणजे गावकाराचा, आणि आबा गावकार होते. ते एकेक वाक्य म्हणायचे, थांबायचे, आणि जमलेला गाव एका तोंडाने "व्हय म्हाराजा" म्हणायचा. "कोण मुंबयक आसा, कोण कुवेताक आसा, कोण दर्यार आसा, तेंका जंय आसत थंय सुखरूप ठेव." व्हय म्हाराजा. कुणाची म्हैस आजारी, कुणाच्या मुलीची परीक्षा, सगळं त्यात यायचं. एका वर्षी केरीच्या किनाऱ्यावर मोटारसायकल वाळूत रुतवून बसलेला एक परदेशी पाहुणा जत्रा बघायला आला होता. आबांनी त्याची मोटारसायकलही देवाच्या कानावर घातली.

हा आवाज ते एरवी वापरत नसत. म्हापशाहून येताना आपला थांबा आला की ते जागेवरून कंडक्टरला काहीतरी सांगायचे. कंडक्टरला ऐकू यायचं नाही, बस पुढे जायची, आणि आबा पुढच्या थांब्यावर उतरून तांदळाची पिशवी खांद्यावर घेऊन शांतपणे मागे चालत यायचे. मी एकदा चिडून म्हटलं, "आबा, देवाला हाक मारता तशी एक हाक त्याला मारा की." ते म्हणाले, "तो आवाज गावाचो रे मास्तर. माज्या कामाक तो वापरूचो न्हय."

त्यांचा दुसरा नेम याहून कडक होता. गावकाराचं घर शेवटी. प्रसाद वाटताना आबांचा हात सगळ्यांत शेवटी पुढे यायचा, आणि पंचखाद्य संपलेलं असलं तर केळीच्या पानाला लागलेला गूळ बोटाने पुसून खाऊन ते समाधानाने घरी जायचे. गावात नळ आले तेव्हा कंत्राटदाराने कामाला सुरुवात त्यांच्याच घरापासून करायचं ठरवलं, कारण रस्त्यावरचं पहिलं घर त्यांचं. आबांनी त्याला हात धरून गावाच्या दुसऱ्या टोकाला नेलं आणि म्हणाले, इथून सुरू करा. त्या भल्या माणसाने कपाळावर हात मारला. व्हायचं तेच झालं. पाइप आबांच्या घराच्या चार घरं अलीकडे संपले आणि उरलेले यायला पुढचा पावसाळा उजाडला.

तोपर्यंत शेजाऱ्यांच्या नळावरून कळश्या वाहिल्या त्या सगुणने. सगुण त्यांचा एकुलता एक मुलगा, माझा विद्यार्थी. आई तो पाचवीत असताना गेली, त्यामुळे घरचं पाणी, चूल सगळं बापलेकांनी वाटून घेतलेलं. शाळेत उशिरा आला आणि मी रागावलो की ओल्या खांद्यावर हात ठेवून म्हणायचा, "सर, आमच्या घरात गावाचो मान आसा, फक्त नळ ना." वर्ग हसायचा आणि मीही. पण शाळेतल्या खिचडीच्या रांगेत हा पोरगा कायम शेवटी उभा असायचा, हे माझ्या लक्षात यायला दोन वर्षं लागली.

सगुण सैन्यात गेला. एका सुटीनंतर त्याला उत्तरेकडच्या डोंगरात नेमणूक मिळाली, आणि निघण्याच्या सकाळी आबा त्याला देवळात घेऊन गेले. तिथे मी होतो, पुजारी होता, आणखी दोन-तीन जण. आबांनी खांबाला हात लावला. इतक्या वर्षांत कधी झालं नव्हतं ते त्या दिवशी झालं. गाऱ्हाण्यात त्यांनी पहिलं नाव स्वतःच्या मुलाचं घेतलं. "बा देवा म्हाराजा, पयलो माजो पोर. तेका सुखरूप घरा हाड." आम्ही व्हय म्हाराजा म्हणालो. कुणाला त्यात वावगं काही वाटलं नाही. बापच तो. सगुण पाया पडला आणि पेडण्याच्या स्टेशनकडे जाणाऱ्या रिक्षात बसला.

नऊ महिन्यांनी तो तिरंग्यात आला. सोबत आलेले अधिकारी आबांना हिंदीत काही सांगत होते, पण आबांच्या कानात काही जात नव्हतं. नंतर पलटणीचं इंग्रजी पत्र आलं. मी ते मराठीत सांगायला बसलो, तर पहिल्याच ओळीला त्यांनी हात वर केला. त्यानंतर त्या पत्राचा विषय निघाला की ते उठून आत जायचे. सगुण नेमका कसा गेला हे साऱ्या गावाला ठाऊक झालं, एकट्या बापाला नाही.

पुढच्या जत्रेला आबा देवळात आले, पण खांबाजवळ गेले नाहीत. त्यांचा पुतण्या उमेश, वीज खात्यात काम करणारा, याने कसंबसं गाऱ्हाणं उरकलं. देवाला ऐकू गेलं असेल, आम्हाला नाही गेलं. मंडळी आबांची समजूत काढायला गेली तर ते एवढंच बोलले, "माजो शब्द आता थंय पावना. दुसरो कोण तरी बघा." सगळे गेल्यावर मी मागे थांबलो. तेव्हा त्यांनी मनातलं सांगितलं. "म्यां नेम मोडलो, मास्तर. गावाच्या आदी आपलो पोर घातलो. म्हणान देवान आयकूक ना." दोन वर्षं गावाने त्यांचा आवाज ऐकला नाही, आणि बसमध्ये तर ते बोलायचेच बंद झाले.

मग सगुणला मरणोत्तर शौर्यचक्र जाहीर झालं. राष्ट्रपतींच्या हस्ते ते घ्यायला वडिलांनी दिल्लीला यावं असं पत्र आलं. आबा म्हणाले, पोस्टाने पाठवायला सांग. मी आठवडाभर त्यांच्या मागे लागलो. शेवटी म्हटलं, "आबा, ते सगुणचं आहे. त्याच्या वतीने कुणीतरी हात पुढे करायला हवा ना?" दुसऱ्याच्या वतीने उभं राहायचं म्हटल्यावर त्या माणसाला नाही म्हणता येत नसे. सोबत म्हणून मी निघालो, हिंदीचा शिक्षक म्हणून छाती जरा पुढे काढूनच.

आदल्या दिवशी तालीम असते, हे मला ठाऊक नव्हतं. कुठून चालत यायचं, कुठे थांबायचं, किती पावलं टाकायची, सगळं शिकवतात. राष्ट्रपतींच्या जागी एक अधिकारी उभे होते. आबांनी त्यांना असा वाकून नमस्कार केला की ते बिचारे गोंधळले आणि म्हणाले, उद्या खरे राष्ट्रपती असतील, आज मी नुसता उभा आहे. आबा मला हळूच म्हणाले, "आमी देवाच्या जाग्यार नारळ पुजतो, तसा." तालमीत मानपत्र वाचत नाहीत. आता इथे ते वाचलं जाईल, तेव्हा समोर बघायचं, हलायचं नाही, बोलायचं नाही, एवढंच सांगतात. मी ते आबांना तीनदा बजावलं.

टीव्हीवर मी ते दालन अनेकदा पाहिलं होतं. जंगलात झाडं लावणाऱ्या, रानपाल्याची औषधं देणाऱ्या अनवाणी म्हाताऱ्या तिथेच पद्म पुरस्कार घेताना पाहिल्या होत्या. पण आत पाऊल टाकलं आणि माझी हिंदी कुठच्या कुठे गेली. इतकी माणसं, इतके गणवेश, आणि टाचणी पडली तर ऐकू येईल अशी शांतता. आबा धोतर, पांढरा सदरा आणि काळी टोपी घालून आले होते. दारातच त्यांनी वहाणा काढल्या. "पोराचा नाव घेतात त्या जाग्यार वाणो घालून कसो वचू?" असं म्हणून ते आत गेले. दारावरच्या उंचापुऱ्या जवानाने खाली वाकून त्या वहाणा स्वतःच्या हातांनी भिंतीशी सरळ ठेवल्या.

आबांचं नाव पुकारलं. ते शिकवल्याप्रमाणे चालत गेले आणि राष्ट्रपतींच्या शेजारी उभे राहिले. मग मानपत्राचं वाचन सुरू झालं. ठाशीव हिंदी, एकेक वाक्य, आणि प्रत्येक वाक्यानंतर छोटा विराम. आबा तरुणपणी खाणीवर कामाला होते, तेव्हापासून त्यांना हिंदी समजायची. दोन वर्षं ज्या गोष्टीकडे त्यांनी पाठ फिरवली होती, ती आता त्यांना उभं राहून ऐकणं भागच होतं.

चकमकीत तुकडी अडकली. सगुण आडोशाला पोचला होता, सुरक्षित होता. तो उलट फिरला. गोळीबारात सरपटत गेला आणि जखमी हवालदार जगबीरला पाठीवर घेऊन आला. विराम. आबांचे ओठ हलले. मला आवाज आला नाही, पण ते काय म्हणाले ते मला कळलं आणि मी खुर्चीच्या कडेवर आलो. सगुण पुन्हा गेला आणि लालरेमला घेऊन आला. विराम. "व्हय म्हाराजा." हे पहिल्या दोन रांगांना ऐकू गेलं. खांद्यात गोळी लागलेली असताना तो तिसऱ्यांदा गेला आणि सेल्वमला ओढत आडोशाला पोचवून तिथेच कोसळला. तिघेही जवान वाचले. विराम.

"व्हय म्हाराजा."

हा देवळातला आवाज होता. त्या उंच छताखाली तो असा घुमला की वाचणारे अधिकारी थांबले. खरं सांगतो, पहिल्या क्षणी मला लाज वाटली, तीनदा बजावूनही आमच्या खेडवळपणाने घात केला म्हणून मी मान खाली घातली. कुणीच हसलं नाही तेव्हा मान वर केली. आबा ताठ उभे होते, उजवा हात किंचित पुढे, खांब नसलेल्या जागी. वाचन पुरं झालं. राष्ट्रपतींनी पदकाची पेटी आबांच्या हातात दिली आणि मग हात जोडले. नमस्कार बराच वेळ तसाच राहिला. माझ्या शेजारी बसलेले एक वयस्क सेनाधिकारी डोळे पुसत होते. त्यांना त्या दोन शब्दांचा अर्थ कळला असेल असं नाही. मला मात्र त्या दिवशी वाटलं, की आयुष्यभर मी मुलांना ज्या थोर माणसांचे धडे शिकवले, त्यांच्यातलाच एक माणूस इतकी वर्षं माझ्या शेजारी बसमध्ये बसत होता आणि मी त्याची थट्टा करत होतो.

दुपारी अतिथिगृहाच्या पायरीवर आबा पेटी मांडीवर ठेवून बसले होते. म्हणाले, "मास्तर, ती तीन नावां परत सांग." मी सांगितली. "जिते आसत मा?" मी पलटणीच्या अधिकाऱ्यांना विचारून आलो होतो. एक जरा लंगडतो, पण तिघेही ठीक आहेत, आपापल्या घरी जाऊन येतात, असं सांगितलं. आबांनी ती तीन नावं बोटांवर मोजली.

"तेंच्याय बापायनी खंय तरी गाराणा घातला आसतला," ते म्हणाले. "देवान तेंचा आयकलान. माज्या पोराच्या हातान आयकलान." मग पेटीवर हात ठेवून म्हणाले, "म्यां नेम मोडलो, तेणे ना मोडूक. आदी दुसरे, मागीर आपुण. गावकाराचो पोर." एवढं बोलून ते रडले. सगुण गेल्यानंतर मी त्यांना रडताना पाहिलं ते तेव्हाच पहिल्यांदा.

त्या वर्षीच्या जत्रेला आबा खांबाजवळ गेले. सगळं गाऱ्हाणं रीतीप्रमाणे झालं, मुंबईचे, कुवेतचे, दर्यावरचे. आणि शेवटी, गावकाराच्या घरासाठी ते एक वाक्य म्हणतील म्हणून लोक थांबले असताना, त्यांनी तीन अनोळखी नावं घेतली. "पोर जगबीर, पोर लालाराम, पोर शेलम. हे आमच्या घरचे. दूर देशात आसत, तेंका सुखरूप ठेव." नावांची मोडतोड झाली होती, पण मी ती दुरुस्त केली नाही. गाव असा काही बोलला की देवळाच्या कौलांवरची कबुतरं उडाली. पुढे सात वर्षं आबांनी ती नावं एकदाही चुकवली नाहीत. पदक सगुणच्या फोटोखाली टांगलेलं असायचं. कुणी बघायला आलं की आबा आधी पाणी विचारायचे आणि पदक दाखवायचं बहुतेक वेळा विसरून जायचे.

गेल्या वर्षी दुपारचं जेवून आबा जरा आडवे झाले ते उठलेच नाहीत. त्यांचा मान आता उमेशकडे आला. यंदाच्या जत्रेला त्याने खांबाला हात लावला. या वेळी त्याने निभावलं. सगळ्यांचं सांगून झालं, शेवटचा व्हय म्हाराजा झाला, आणि त्याने सुटल्यासारखा हात खाली घेतला. लोक वळायला लागले. तेवढ्यात मागच्या बायकांच्या घोळक्यातून एक म्हातारी, जिचे दोन्ही मुलगे बोटीवर आहेत, ठणकावून म्हणाली, "उमेश, आमचे ते तिगे पोर रवले."

उमेशने पुन्हा खांबाला हात लावला. सगळा गाव परत फिरून उभा राहिला.