माल बघून निकाल

टीव्हीवरच्या स्वयंपाकाच्या स्पर्धा वर्षानुवर्षं पाहून साधा चहासुद्धा करायला न शिकलेले पुरुष पुण्यात पुष्कळ असतील, आणि त्यांच्यात माझा नंबर बराच वरचा लागेल. पण एकही पदार्थ शिजताना न पाहता कोण जिंकणार हे सांगणारा माणूस उभ्या जगात एकच झाला, आणि तो नेमका माझा सासरा निघाला. मामांनी सगळी हयात मार्केट यार्डात भाजीची आडत केली. शेतकऱ्याचा माल गाळ्यावर उतरायचा, मामा त्याच्यावर एक नजर टाकायचे, भाव बोलायचे, की संपलं. सासूबाई गेल्यावर बायकोने त्यांना लोणी काळभोरहून हडपसरला आमच्या फ्लॅटमध्ये आणलं. आल्या दिवशी त्यांनी आमच्या फ्रिजचा खालचा कप्पा उघडला, भेंडीचा एक तुकडा मोडून पाहिला आणि विचारलं, "ही कुनी आणली?" मी आणली होती. ऑनलाइन, शिवाय सवलतीत. ते म्हणाले, "बापू, भाजीवाल्यानं तुमाला फसवलं न्हाई. तुमी सोताच फसाय गेला हुता." त्या दिवसापासून भाजी ते आणू लागले आणि माझ्याकडे फक्त पिशव्या धुण्याचं काम उरलं.

मी रोज रात्री टीव्हीवर पाहायचो ती स्पर्धा त्यांनाही का आवडली हे कळायला मला आठवडा लागला. स्पर्धक एका मोठ्या कोठारात धावत जातात, टोपल्यांमधून भाज्या उचलतात आणि मग स्वयंपाकाला लागतात. मामांना त्यातलं फक्त धावत जाणं आणि उचलणं पाहायचं असे. पहिली दहा मिनिटं झाली, सगळे आपापल्या शेगडीशी पोचले, की मामा रिमोट उचलून टीव्ही बंद करत. मी एकदा म्हटलं, "मामा, खरी स्पर्धा तर आता सुरू होते." ते म्हणाले, "काय सुरू हुतंय? झाली की. त्यो निळ्या शर्टाचा आज घरी जाणार. कोथिंबिरीची गड्डी उचलली, पर हुंगली न्हाई." निळ्या शर्टाचा घरी गेला. दुसऱ्या दिवशी कच्ची केळी नखाने न तपासता घेणारी बाई गेली. तिसऱ्या दिवशी मी मामांशी वाद घातला, आणि चौथ्या दिवसापासून वाद घालणं सोडून दिलं.

अडचण होती ती पाहण्याची. टीव्हीवर हा कार्यक्रम रात्री नऊला लागे, आणि पहिला आठवडा कसेबसे जागले, तरी जन्मभर पहाटे तीनला उठलेले मामा एरवी रात्री आठला झोपत. मोबाइलच्या ॲपवर मात्र नवा भाग पहाटेच येई. घरात सॉफ्टवेअरचा माणूस मी, तेव्हा पहाटे साडेपाचला उठून तो भाग लावून देणं हे जावयाचं कर्तव्य ठरलं. सातासमुद्रापलीकडच्या एका कंपनीची यंत्रणा बंद पडू नये म्हणून मी पगार घेतो, आणि आमच्या हॉलमधला कार्यक्रम मात्र मला एकदाही धडपणे चालू करता येईना. आधी मोबाइलवर लावून दिला. मामा म्हणाले, "टमाटं बोरायेवढं दिसतंय." मग लॅपटॉप आणला. त्यांना तोही लहान पडला. मग मी मोठ्या ऐटीत लॅपटॉपचं चित्र टीव्हीवर उमटवलं. वांग्यांची टोपली नुकती दिसू लागली होती, तेवढ्यात तिच्यावर माझ्या मॅनेजरचा आदल्या रात्रीचा निरोप ठळक अक्षरांत झळकला. मामांनी चष्मा वर करून तो सावकाश वाचला. "बापू, मॅडम इचारत्यात, सोमवारचं काम अजून का झालं न्हाई? वांग्यावरनं हात काढा म्हणावं त्येंना."

शेवटी टीव्हीतच ॲप घेतलं. खातं होतं माझ्या मेहुण्याचं. त्यामुळे आठवड्यातून दोनदा तरी टीव्ही सहा आकडे मागायचा, ते आकडे मेहुण्याच्या फोनवर जायचे, आणि मी भल्या पहाटे त्याला झोपेतून उठवून आकडे विचारायचो. तो जे बोलायचा त्यातले आकडे तेवढे मी टिपून घ्यायचो. पण या सगळ्या उपद्व्यापात मामांना एक नवी गंमत सापडली. चित्र थांबवता येतं! मग "थांबवा," "जरा मागं," "आता देठ दाखवा" असं सुरू झालं. दोडक्याच्या एका स्थिर चित्रापुढे आम्ही सासरा-जावई कितीतरी वेळ उभे राहायचो. देठ कुठे बघायचा, साल कुठे सैल पडते, जड फळ कोणतं आणि नुसतं फुगलेलं कोणतं, हे मामा सांगायचे. मी मान डोलवायचो. एवढं लक्षपूर्वक मी इंजिनिअरिंगलाही काही ऐकलं नव्हतं.

आता माझ्या अपराधाकडे येतो. आमच्या ऑफिसात दुपारच्या सुट्टीत आठदहा जण कँटीनमध्ये एका लॅपटॉपभोवती बसून हाच कार्यक्रम पाहायचे. एकदा मी सहज म्हणून गेलो, "आज पिवळ्या साडीवाली जाणार." ती गेली. पुढच्या वेळीही तसंच झालं. सगळे म्हणू लागले की हा सकाळीच शेवट बघून येतो. मी शपथेवर सांगितलं की मी फक्त पहिली दहा मिनिटं पाहतो. हे शंभर टक्के खरं होतं. मॅनेजरने विचारलं, "मग तुला कळतं कसं?" इथे "माझे सासरे सांगतात" एवढे तीन शब्द बोलायचे होते. पण त्या कंपनीत इतक्या वर्षांत मला कोणी कुतूहलाने काही विचारण्याची ती पहिलीच वेळ होती. मी म्हणालो, "पॅटर्न असतो."

"म्हणजे तू मॉडेल बनवलंयस? डेटा आहे?"

"आहे," मी म्हणालो. तो डेटा त्या वेळी हडपसरला बंडी घालून ज्वारीची भाकरी चुरत बसलेला असणार.

पंधरा दिवसांत मी ऑफिसात प्रसिद्ध झालो. लिफ्टमध्ये अनोळखी लोक मला ओळख देऊ लागले. अंतिम फेरी रविवारी दुपारी थेट दाखवणार होते, म्हणजे आधी शेवट बघून येण्याची सोय नव्हती. मॅनेजर म्हणाली, "परफेक्ट. आम्ही सगळे तुझ्याकडेच येतो. मॉडेल लाइव्ह बघू." मी हो म्हणालो. नाही म्हणायला जे काही लागतं, ते माझ्याकडे कधीच नव्हतं.

रविवारी माणसं आली, बायकोने पोहे दिले, मामा धुतलेला सदरा घालून आपल्या खुर्चीत बसले. कार्यक्रम सुरू व्हायच्या ऐन वेळी टीव्ही म्हणाला, या खात्यावर आधीच चार ठिकाणी पाहणं चालू आहे. मी मेहुण्याला फोन केला, त्याने मावशीला केला, मावशीने तिच्या नागपूरच्या जावेला केला, आणि त्या अपरिचित बाईंनी उदार मनाने आपला टीव्ही बंद केल्यावर आमचा सुरू झाला.

तीन स्पर्धक उरले होते. एक मोठ्या हॉटेलातला तरुण, एक डॉक्टर बाई आणि लहान गावातली एक मुलगी. तरुणाने टोमॅटो असे निवडले की मला मामांची बोटंच दिसली. डॉक्टर बाईंनीही बरं घेतलं. मुलगी सगळ्यात शेवटी पोचली. टोपल्यांच्या तळाशी वाकडी वांगी आणि मऊ पडलेले टोमॅटो राहिले होते. तिने तोंड वाकडं केलं नाही. त्या उरलेल्यात हात घालून एकेक फळ उलटंसुलटं करून ती वेचत राहिली.

"सांग," मॅनेजर म्हणाली. मी मांडीवरच्या लॅपटॉपकडे पाहिलं. त्यावर कोरं पान होतं. मग मामांकडे पाहिलं. ते पुढे झुकून टीव्हीकडे बघत होते. इतक्या पहाटांचं शिक्षण माझ्यामागे होतं. मी म्हणालो, "हॉटेलवाला."

"ही पोरगी," मामा त्याच क्षणी म्हणाले.

त्यांच्याच नियमाने ती तिसरी यायला हवी होती. त्या दिवशी मामांनी टीव्ही बंद केला नाही, आणि पाहुण्यांपुढे मीही केला नाही. दोन तासांनी हॉटेलवाला जिंकला. मुलगी तिसरी आली. सगळ्यांनी माझ्यासाठी टाळ्या वाजवल्या, आणि मामा शांतपणे गुडघे चोळत बसले. मला त्या टाळ्या सोसवेनात. मी उभा राहिलो आणि सांगून टाकलं, "मॉडेल वगैरे काही नाही. इतके दिवस सगळं मामाच सांगत होते."

मग मॅनेजर हसून म्हणाली, "किती मॉडेस्ट आहेस रे! पण काकांचं तर आज चुकलं." सगळ्यांनी मान डोलावली. मामांनीही डोलावली. "न्हाई, जावईच हुशार हायेत आमचे," ते म्हणाले. आयुष्यात एकदाच मी खरं बोललो, आणि त्याचं श्रेयसुद्धा माझ्याच खात्यावर जमा झालं.

पाहुणे गेल्यावर मी त्यांच्याजवळ स्टूल ओढून बसलो. "मामा, तुम्हाला तिचा माल दिसला नाही?"

"दिसला की. हलका हुता."

"मग?"

"गाळ्यावर चांगला माल असायचा त्यो गिऱ्हाइकाचा. घरी न्यायचा त्यो सांजच्याला उरलेला. किडकी वांगी, पिवळी पडलेली मेथी. तुमच्या सासूबाई रोज असंच बसून निवडायच्या. सगळं यार्ड माझ्या हातानं ताजं खायचं, आन् तिनं जल्मात ताजी भाजी चिरली न्हाई. तरी कदी पानात कमी पडलं न्हाई. एकदाबी बोलली न्हाई." मग खाली बघत म्हणाले, "मीबी कदी बोललो न्हाई, की बरं झालंय म्हणून. जेवायचो आन् उठायचो."

आमच्या घरात तरी वेगळं काय चालतं? मीही जेवतो, ताट सिंकमध्ये ठेवतो आणि फोन घेऊन बसतो. संध्याकाळी सातला बायकोने पानं वाढली. वांग्याचं भरीत होतं. पहिला घास खाऊन मी मोठ्याने म्हणालो, "भरीत फार छान झालंय."

बायकोने पोळी लाटता लाटता मागे वळून पाहिलं. "बरं वाटत नाहीये का तुला?"

मी वरमलो आणि पानात मान घातली. मामा सावकाश भाकरी मोडत होते. त्यांनी घास भरिताला लावला, तोंडात घातला, नीट चावून गिळला आणि मुलीकडे न बघता म्हणाले, "खरंच सांगत्यात ते. चांगलं झालंय, बाय."

पोळी तव्यावर थोडी जास्तच भाजली गेली त्या वेळी.