सोनीबाईनं बांधलेला धागा

आत्याबाईले जनावर डसलं तवा दहीभाताचे हात बी आमचे सुकले नव्हते.

सदाशिवराव पाटलाच्या वावरात त्या दिवशी कापसाचा पह्यला वेचा निंगाचा होता. मालकीणबाईनं वावराच्या कडेले धुऱ्यावर पाच गोटे मांडले, हळदकुकू लावलं, पऱ्हाटीच्या झाडाले कापूस गुंडाळला, दहीभात ठेवला. सीतादही म्हणतात त्याले. सगळ्या बाया पाया पडल्या. आत्याबाई, म्हणजे माही सासू रुखमाबाई, बाजूले उभी राह्यली. दरसालचंच होतं तिचं. दहीभात हातावर घ्याची, गोड झाला म्हणाची, पण गोट्याले हात जोडाची नाही. आमी बुद्धाचे, हे मालकीणबाईले बी माहीत. कोणी काही म्हणत नव्हतं.

मंग आमी तासाले, म्हणजे पऱ्हाटीच्या ओळीले, लागलो. आत्याबाई माह्या बाजूच्या तासात होती. खाली गवत माजलेलं. ती एकदम "आई वं" म्हणून खाली बसली. परड होती, घोणस म्हणतात ते. जाड, अंगावर साखळीवानी चट्टे. मी पाह्यलं तवा शेपूट तेवढी दिसली वायल्या पानात.

बायाईनं कल्ला केला. अन त्या कल्ल्यातच कोणीतरी म्हणलं, आज तरी हात जोडाले पाह्यजे होते. कोण बोललं मले आजवर मालूम नाही. पण मी ते आयकलं.

तुमाले सांगतो, त्या साली आमच्याकडं सगळेच भेलेले होते. पऱ्हाटी माणसाएवढी वाढली अन फवारणी करता करता चांगले धडधाकट माणसं डोळे लाल होऊन पडले. बोंड फोडलं त आत गुलाबी अळी. कोणी म्हणे औषध जहाल आलं, कोणी म्हणे देवीचा कोप झाला, भगताकडून गाव बांधून घ्या. सांजच्याले लेकरं बाहीर खेळू देत नव्हते लोक. अन त्यातच हे.

पाटलाची जीप निंगाली. मांगं मी, आत्याबाई अन सोनीबाई. सोनीबाई तांड्यावरची, आमच्यासंगं लय सालापासून वेचाले येते. आत्याबाईले ती याडी म्हणे, म्हणजे त्यायच्या बोलीत माय. पायाले फडकं बांधलं होतं, पाय सुजून राह्यला होता, डसलं तिथून रगत थांबत नव्हतं. माह्या रोशनचे बाबा, आत्याबाईचा लेक, तिकडं गिट्टीच्या खदानीवर, त्याईचा फोन लागे ना.

फाट्यावर डायवरनं गाडी थांबोली. एक रस्ता नागोबाच्या ठाण्याले जाते, तिथं उकंडा भगत उतारा करते. दुसरा घाटंजीले, दवाखान्याकडं. सोनीबाई म्हणे ठाण्यावर घ्या, दहा माणसं वाचलेले म्या माह्या डोयानं पाह्यले. डायवर माह्याकडं पाहे. खरं सांगतो, माह्या मनात आलं का आधी ठाण्यावर जाऊन घ्यावं, मंग दवाखान्यात. जीव वाचला त बस झालं.

आत्याबाईनं डोये उघडले. म्हणे, "घाटंजी."

एवढंच. डायवरनं गाडी वळवली.

आता ही बाई कशी होती ते सांगाले पाह्यजे, नाहीतर पुढचं समजणार नाही.

आमच्या वस्तीनं धम्म घेतला तवा आत्याबाई नवी नवरी होती. सासऱ्यानं घरातले सगळे देव, मरीमायचा शेंदराचा गोटा, टाक, सगळं एका टोपल्यात भरलं. पण टोपलं उचलाले कोणी पुढं येईना. मोठेमोठे माणसं भ्याले. तवा हिनं उचललं. डोक्शावर घेऊन नदीवर गेली. संगं तिचा दीर डोमाजी, तवा लहान होता, तिच्या लुगड्याले धरून. तिनं टोपलं डोहात सोडलं अन घरी आली.

त्याच साली तिचं पह्यलं लेकरू गेलं. तापानं. गावातले म्हणाले, देवी सोडत नसते. तिची सोताची माय म्हणे का खण-नारळ घेऊन जाय अन नाक घास. नाही गेली.

लोकाईले वाटे रुखमाबाई वाघीण हाये. डोमाजी काका त विहारात दर चौदा एप्रिलले सांगत, आमच्या वयनीनं भेव नदीत सोडलं. आत्याबाई खाली बसून आयके अन माह्या कानात म्हणे, "टोपलं सोडलं वं. भेव कुठं सोडलं?" तिनं मले सांगतलं होतं, लेकरू गेल्यावर ती सालभर नदीच्या रस्त्यानं गेली नाही. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, कराले, आंगणात निंगाले भ्याची. अवसेच्या दिवशी अजूनबी दचकाची. पण भ्याव वाटलं म्हणून खोटं करू नाही, एवढंच ती म्हणे.

मी एकडाव इचारलं, मंग आपून पंचशील पाळतो, चांगलं वागतो, त्यानं काही राखण होत नाही काय. ती तांदूळ निवडत होती. हासली. म्हणे चांगलं वागणं काय कुत्रं हाये का दारात बांधलं अन चोर आला नाही.

फवारणीनं आमच्या गावातला एक माणूस मेला तवा त्याले हात लावाले कोणी तयार नव्हतं, जहर लागते म्हणून. ही गेली. त्याची बायको एकटी बसली होती मढ्यापासी. हिनं चुलीवर पाणी ठेवलं अन त्याले धुवू लागली. पह्यले तिनं हाताले पदर गुंडाळला, मंग सोडून देला, मी पाह्यलं.

त जीपमधी. सोनीबाई रडून राह्यली होती. तिच्या गळ्यात एक लाल धागा होता, तांड्यावरच्या जगदंबेचा, लग्नापासून काढला नव्हता तिनं. तो तिनं काढला. म्हणे याडी, हातात बांधतो. आत्याबाईनं मान हालोली, नाही. सोनीबाई म्हणे, "म्या गोट्याच्या पाया पडली, तू नाही पडली. तुलेच काहून डसलं मंग?"

आत्याबाईले बोलाले जड जात होतं. ती म्हणे, "लांबड्याले काय मालूम व, पाय कोणाचा हाये."

सोनीबाई आयकेच ना. तिले वाटे आपण धागा नाही बांधला अन याडी गेली त आपल्यावर पाप. ती आत्याबाईचे पाय धरून बसली. तवा आत्याबाईनं हात पुढं केला.

"बांध बापा. तुह्या जिवाले थंड वाटंन त बांध. मले नाही लागत."

सोनीबाईनं बांधला. डायवरले मागचं काही आयकू गेलं नाही. आयकलं ते आमी दोघीनंच.

घाटंजीले डाक्टरनं इंजेक्शन देलं, यवतमायले न्या म्हणे. गाडी देली त्याईनं. रस्त्यात आत्याबाईच्या हिरड्यातून रगत येऊ लागलं. तिनं माहा हात धरला होता. भेव वाटते काय म्हणून मी इचारलं. हो म्हणे. यवतमायच्या आलीकडच गेली.

मढं घरी आलं. रोशनचे बाबा रातीच पोचले, ते बाहीर माणसाईत होते. सकाळी बाया आंघोळ घालाले बसल्या अन धागा दिसला. लाल होता, लपणार थोडीच. एकजण उठून बाहीर गेली, अन मंग डोमाजी काका दारात आले.

विहाराचं सगळं काकाच पाहतात. म्हातारे झाले, पण आवाज तसाच. त्याईनं हात पाह्यला अन भिंतीले टेकले. म्हणे, "वयनी शेवटी भेली काय?"

मी सांगतलं जीपमधी काय झालं ते. पूरं सांगतलं. काका म्हणे, तू सून हायेस बाई, तू झाकशीनच. धम्मदीप म्हणून विहारातला जवान पोरगा, तो बाहीरून बोलला, धागा काढा नाहीतर आमी खांदा कसा देवाचा, उद्या गावातले म्हणतीन का रुखमाबाई मरता मरता देवीले शरण गेली. अन ते म्हणणारच होते. तिकडं पारावर म्हणून राह्यलेच होते.

मंग काढा म्हणलं त कोणी काढे ना. आमच्याच बाया, सगळ्या पंचशील म्हणणाऱ्या. एकीच्या हातात ब्लेड देलं, तिनं खाली ठेवलं. म्हणे, तोडला अन काही झालं त. माह्या घरात लेकरू हाये. मी बी हात मांगं घेतला. धागा ठेवला त आत्याबाईचं सगळं आयुष्य खोटं होते, अन तोडला त माह्या रोशनचं काय होईन, असं डोक्शात भनभन चालू. तिची सून असून मी तशी भेलेली होती.

तवा सोनीबाई आली. आमच्या वस्तीत मौतीच्या आंगणात ती कधी आली नव्हती. आंगणातल्या माणसाईकडं पाह्यलं अन दारातच थांबली. कोणीतरी म्हणलं, हीच ते, धागेवाली. तिनं आयकलं.

ती काकाले म्हणे, "मामा, म्या बांधला. ती नको म्हणे. म्या लय रडली तवा म्हणे तुह्या जिवासाठी बांध. तिले नाही लागत म्हणे."

तिच्या देवीच्या धाग्यानं काही झालं नाही अन याडीले तो पाह्यजे बी नव्हता, हे तिनं सगळ्याईसमोर आपल्याच तोंडानं सांगतलं होतं. ते सांगताना तिनं गळ्यावर हात ठेवला होता, अन गळा उघडा होता.

धम्मदीप ब्लेड घेऊन पुढं आला, मी तोडतो म्हणे. काकानं त्याचा हात धरला.

"राहू दे. ह्या बाईनं देलं अन वयनीनं घेतलं. देलेलं आपून कोण काढणारे?"

अन पह्यला खांदा काकानं देला, रोशनच्या बाबासंगं. त्या वयात. पारावरचे लोक पाहत होते, बोटभर लाल धागा पांढऱ्या लुगड्याच्या बाहीर दिसत होता. काका झाकाले गेले नाही. धम्मदीप थोडा वेळ मांगं चालला, मंग त्यानंबी खांदा देला.

पुण्यानुमोदन, म्हणजे मौतीनंतरची वंदना, झाल्यावर पाटलाचं बलावणं आलं, कापूस फुटून लोंबून राह्यला, वेचाले या. आमी गेलो. पण आत्याबाईले डसलं त्या तासात कोणी पाय टाके ना. मी कापसाची ओटी बांधून धुऱ्यावर उभी, सोनीबाई माह्या बाजूले. पान हाललं त दोघी मांगं सरू.

एवढ्यात डोमाजी काका आले. वावरात ते येत नाहीत आता. हातात लांब काठी. कोणाले काही न म्हणता त्या तासात घुसले अन गवतावर काठी आपटत चालू लागले. तोंडानं "बुद्धं सरणं गच्छामि" म्हणत. बारीक आवाजात म्हणत होते, अन पाय मोजूनमापून टाकत होते. काका बी भेलेले होते, मांगून दिसे.

सोनीबाई त्याईच्या मांगं निंगाली. दोनचार बोंडं वेचले असतीन तिनं, मंग म्हणे, "मामा, मोठ्यानं म्हणा ना. लांबडं बहिरं असते."

काकानं आवाज वाढोला. मी त्या तासात उतरली.