नारळ संपेपर्यंत

"आदी खावा, मगे बोला."

कुणी तक्रार घेऊन कँटीनच्या खिडकीशी आला की आमचा आचारी पळीने पातेल्याच्या काठावर टकटक करायचा आणि एवढंच म्हणायचा. तक्रार पातळ डाळीची असो नाहीतर रखडलेल्या पगारवाढीची. माणूस खायचा आणि बोलायचं विसरायचा. अशी माणसं तुमच्याही पाहण्यात असतील, ताट पुढे सरकवून समोरच्याला गप्प करणारी.

आमची कंपनी पिंपरीला, हायवेच्या कडेला. मी स्टोअरमध्ये क्लार्क आणि कँटीन कमिटीचा सेक्रेटरी. आचारी मालवणकडचा. खरं म्हणजे आचारी व्हायला तो आलाच नव्हता. आयटीआयमध्ये टर्नरचं काम शिकून, लेथ मशीनवर लागू म्हणून आला होता. तेव्हा जागा नव्हती. "तोवर कँटीनमध्ये थांब," असं साहेब म्हणाले आणि तो थांबला. थांबता थांबता आमच्या डोळ्यांदेखत त्याचे कानशिलांवरचे केस पिकायला लागले.

कुळथाच्या शेंगोळ्यांचं प्रकरण सुरू केलं आमच्या दगडू फिटरने. हा चाकणपुढच्या खेडकडचा गडी. एकदा म्हणाला, "आमच्या आयच्या हातची शेंगोळी खाल्ली न्हाईस, तर तू काय खाल्लंस रं?"

आचारी म्हणाला, "पीठ घेवन ये. मगे बोल."

दसरा झाला, नवे कुळीथ घरात आले, तशी दगडूने पिठाची पिशवी आणली. चाकणच्या बाजारातून लाल भोपळा आला. गणपतीला गावी जाऊन येताना आचारी पोतंभर नारळ आणायचा, ते होतेच. लसूण-मिरची घालून मळलेल्या पिठाची त्याने बोटाएवढी कडी वळली. आमच्याकडे ती फोडणीच्या पाण्यात शिजतात. याने ती नारळाच्या पातळ रसात सोडली, भोपळ्याच्या फोडी टाकल्या, जिभेला मुंग्या आणणारी तिरफळं ठेचून घातली आणि दाट रस उतरवता उतरवता ओतला.

दगडूने पहिला घास घेतला आणि ताट खाली ठेवलं.

"काय रे, बिघडलं?" मी विचारलं.

"आयला सांगू नका," तो म्हणाला, "पन हे लई बेस हाय."

तेव्हापासून दसरा गेला की नारळ संपेपर्यंत दर बुधवारी हाच बेत. एवढ्या लोकांची शेंगोळी वळायची म्हणजे चेष्टा नाही. म्हणून दुसऱ्या शिफ्टची माणसं लवकर येऊन, हात धुऊन बसायची. टर्नर, फिटर, वेल्डर, सगळे पीठ वळायला. "व्हर्नियर आणा राव, ह्याचं शेंगोळं जाड आलंय!" "गप ए, तुझं तर रिजेक्ट मालात टाकलंय!" आचारी मध्ये बसून हसायचा. पण चहाच्या सुट्टीत तो कँटीनमध्ये नसायचा. मशीन शॉपमध्ये जाऊन लेथपाशी उभा राहायचा, हात मागे बांधून, देवळात उभं राहावं तसा.

"माका मशीनवर जावचा आसा, सेक्रेटरी," तो मला म्हणायचा. गावी लग्नाच्या बैठकीत मुलीकडचे विचारायचे, मुलगा कंपनीत काय करतो? "रांदता," असं उत्तर ऐकलं की चहा पिऊन उठायचे. हे त्याने हसत हसत सांगितलं. दोनदा सांगितलं, तिसऱ्यांदा नाही.

आणि एका वर्षी लेथवर जागा निघाली. साहेब नवे होते, चांगले होते. म्हणाले, कँटीन कमिटीची हरकत नसेल तर माझीही नाही. कमिटीने "हरकत नाही" एवढंच म्हणायचं होतं. बुधवारी कँटीनमध्येच मीटिंग ठरली.

त्याने काय करावं? आम्हाला खूश करायचं म्हणून जन्मात केली नसतील अशी शेंगोळी केली. त्या दिवशी कुणाला वळायला बसू दिलं नाही. सकाळपासून एकटाच वळत होता. स्वतः वाढलं. आम्ही जेवलो. पुन्हा पुन्हा वाढून घेतलं.

मग एक जण म्हणाला, "राव, ह्याला सोडायचं?"

"नवा आचारी म्हंजे परत ती पाण्याची डाळ."

"लेथला काय, कुणीबी मिळंल."

दगडू ताटात बघत बसला. आचारी दाराशी उभा होता. आपली वाहवा चाललीय असं समजून त्याचा चेहरा फुलला होता. तशी ती वाहवाच होती.

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. "सेक्रेटरी?"

माझ्या जिभेवर अजून तिरफळ चुरचुरत होतं. मी म्हणालो, "एवढा सीझन राहू द्या साहेब. नारळ संपेपर्यंत. मग बघू."

सगळ्यांना हायसं वाटलं. भांडण न होता मार्ग निघाला, असं एकाने बोलूनही दाखवलं. लेथची जागा नारळांसाठी थांबणार नव्हती, हे मला ठाऊक होतं. लोकांपुढे माझं काही चाललं नाही, असं मी पुढे कितीतरी वर्षं सांगत आलो. तसं नव्हतं. मला ती शेंगोळी पुढच्या बुधवारीही हवी होती. पुढच्या वर्षीही.

ताटं उचलताना त्याने मला हळूच विचारलं, "म्हंजे नाय?"

"नाही कशाला? नंतर."

"नंतर," तो म्हणाला आणि ताटं घेऊन आत गेला. त्याच आठवड्यात लेथवर बाहेरचा माणूस आला.

दोनेक वर्षांनी गणपतीला गावी गेलेला तो परतलाच नाही. कुणी म्हणालं मस्कतला गेला, कुणी म्हणालं भावाच्या होडीवर आहे. मी चौकशी केली नाही.

माझ्या डोळ्यांपुढे येतो तो मीटिंगनंतरचा बुधवार. मी खिडकीशी ताट घेऊन उभा होतो. त्याने शेंगोळ्यांचं पातेलं उतरवलं, तेव्हा त्याच्या हातातलं फडकं नवंकोरं होतं. जाड, निळं. एका टोकाला पितळी बटण तसंच राहिलं होतं. शॉपमधली माणसं मशीनवर घालतात त्या डांगरीचं ते कापड होतं. मागून दगडू माझ्या कानाशी म्हणाला, "मीटिंगच्या आदीच कॅम्पातल्या शिंप्याकडनं सोताची डांगरी शिवून घेतली व्हती त्यानं."

आचाऱ्याने माझ्याकडे पाहिलं नाही. पळी भरून घेतली आणि विचारलं, "वाढू?"

मी ताट पुढे केलं.