खुंट्याचा निरोपाचा गोल

"तू फक्त पडायचं," सेक्रेटरी म्हणाले. "बाकीचं आम्ही बघतो."

खुंट्याला आधी वाटलं, ते खुर्चीबद्दल बोलताहेत. क्लबच्या ऑफिसातली पाहुण्यांची खुर्ची एका पायाने अधू होती. त्या पायाखाली वीट होती, आणि नवख्या माणसाने एकदा तरी त्या खुर्चीतून लोळण घेतल्याशिवाय तो क्लबचा झाला असं कुणी मानत नसे. पण खुंटा नवखा नव्हता. गॅलरीखालच्या त्या कोंदट खोलीत, काचेच्या कपाटातल्या कपांसमोर, याच खुर्चीत बसून त्याने वर्षानुवर्षं करारांवर सह्या केल्या होत्या, आणि दर वेळी सही करण्याआधी वीट नीट बसवून घेतली होती. साहेब बोलत होते ते रविवारच्या सामन्याबद्दल. खुंट्याच्या निरोपाच्या सामन्याबद्दल.

बेत साधा होता. सामना संपत आला की खुंट्याने आपली मागची जागा सोडून थेट समोरच्या गोलपाशी जायचं. तिथे समोरच्या संघातलं एक पोरगं त्याला हलकेच धक्का देईल. खुंट्याने पडायचं. रेफरी शिट्टी फुंकून पेनल्टी देईल. गोलकीपर डावीकडे उडी मारेल, खुंट्याने चेंडू उजवीकडे ढकलायचा. गोल, टाळ्या, पुष्पगुच्छ, फोटो, भाषणं. निवृत्त होणाऱ्याला असा एक गोल भेट द्यायचा, हा त्या लीगमधल्या सगळ्या क्लबांचा रिवाज होता, आणि आजवर कुणी त्याला नको म्हटलं नव्हतं.

"मी पडू?" खुंटा म्हणाला.

"हळूच रे. माळ्याला सांगतो, तिथलं गवत मऊ ठेव म्हणून."

खुंटा उठला, वीट पायानेच जागेवर सरकवली आणि बाहेर पडला. बोलणं सगळं रस्त्यात झालं, स्वतःशीच. समोरून येणारी माणसं त्याला वाट देत होती. सहा फुटी, दोनदा मोडलेल्या नाकाचा माणूस तोंडातल्या तोंडात "गवत मऊ ठेवतो म्हणे" असं पुटपुटत चालला असेल, तर शहाणी माणसं वाट देतातच.

खुंट्याने आयुष्यात कुणाचा मनापासून तिरस्कार केला असेल, तर तो पडणाऱ्यांचा. वाऱ्याची झुळूक आली की कोसळणारे, कोसळताना एक डोळा रेफरीवर ठेवणारे, आणि उजव्याला लागलं तर डावा पाय धरून विव्हळणारे स्ट्रायकर त्याने आयुष्यभर पाहिले होते. एकदा तर त्याने अशा एकाच्या कानाशी वाकून, "अहो, तो पाय नव्हे, दुसरा," अशी मदतही केली होती. त्या मदतीबद्दल त्याला पिवळं कार्ड मिळालं. आणि आता त्याच्या कारकिर्दीचा शेवट पडून व्हायचा होता.

तसा तोही सुरुवातीला पुढेच खेळायचा. सगळेच डिफेंडर कधी ना कधी पुढे खेळत असतात. जन्मतः मागे राहायची हौस कुणाला असते? पण कोचने पहिल्याच दिवशी त्याची उंची पाहिली, मान पाहिली आणि म्हणाले, "तू मागे जा. तिथे त्या कोपऱ्यात उभा राहा, मी आलोच." मग कोचना कुणीतरी फोनवर बोलावलं आणि ते त्याला विसरून घरी गेले. सराव संपला, पोरं पांगली, माळ्याने गवतावर पाणी सोडलं, तरी हा तिथेच, निथळत. दुसऱ्या दिवशी माळ्याने कोचना विचारलं, तुम्ही तो खुंटा काल कशासाठी ठोकून गेला होतात? तेव्हापासून त्याचं खरं नाव त्याच्या करारांवर आणि बायकोच्या रागात तेवढं उरलं.

तो आधी एका कारखान्याच्या संघात खेळला, मग खालच्या लीगमधल्या दोन क्लबांत, आणि शेवटी इथे. हॉस्टेलच्या खोल्या, ओल्या मोज्यांचा वास, घोट्याला पट्ट्या, रात्रभर बसने जाऊन दुपारी दुसऱ्याच्या मैदानावर शिव्या खाणं, हे सगळं त्याने बिनतक्रार केलं. भुवई इतक्यांदा फुटली की दवाखान्यातल्या ड्रेसिंग करणाऱ्या नर्सबाईंशी आधी ओळख झाली, मग बोलणं, मग लग्न. ती अजूनही म्हणते की याला एकदाच नीट टाके घातले असते तर ही वेळ आली नसती.

तक्रार होती ती वेगळीच, आणि ती मात्र त्याने भरपूर केली. स्ट्रायकरने डझनभर संधी मातीत घालून एक गोल केला की त्याला खांद्यावर घेतात. डिफेंडरने डझनभर हल्ले परतवून एक सोडला की गॅलरीतून आवाज येतो, "खुंट्या, झोपलास काय रे?" संघाने लीग जिंकली त्या वर्षीचा मोठा फोटो ऑफिसात लावला आहे. त्यात मधोमध स्ट्रायकर, बाजूला गोलकीपर, पाठीमागे सेक्रेटरींचे दोन मेहुणे, आणि डाव्या कडेला एक कोपर. ते कोपर खुंट्याचं. घरी आलेल्या पाहुण्यांना मोबाइलवर तो फोटो मोठा करून दाखवताना तो म्हणायचा, "हे मी." पाहुणे जवळ जाऊन बघायचे आणि म्हणायचे, हो की, तुमच्यासारखंच आहे.

खरी पंचाईत कॅमेऱ्याची होती. कॅमेरा चेंडूमागे धावतो. पण खुंटा उभा आहे म्हणून ज्या बाजूने चेंडू आलाच नाही, त्या बाजूचं चित्र कोण काढणार? जे घडलं नाही ते दाखवायचं कसं? वर्षानुवर्षं तो नेटाने काहीही घडू देत नव्हता, आणि लोक विचारत होते, हा करतो काय?

त्यात सगळ्यात पुढे होती त्याची आई.

प्रत्येक सामन्यानंतर घरी फोन केला की आईचा पहिला प्रश्न, "गोल केलास का?"

"नाही गं. होऊ दिला नाही."

"कुणाला?"

"समोरच्याला."

"मग त्याच्या आईला काय वाटलं असेल?" आणि वर, "दुसऱ्याचं होऊ द्यायचं नाही, हा कसला रे धंदा?"

संपूर्ण कारकिर्दीत एकदाच आईने फोनवर "गोल केलास का?" असं विचारलं नाही. कपच्या उपांत्य सामन्यात गोलकीपरने मागून "दे!" अशी हाक दिली. डिफेंडरला पाठीमागचं दिसत नसतं, तेव्हा गोलकीपरची हाक म्हणजे हुकूम. खुंट्याने न बघता चेंडू मागे दिला. हाक देणारा तोवर जागा सोडून पुढे आला होता. चेंडू बाजारात निघालेल्या निवांत माणसासारखा रमतगमत आपल्याच जाळ्यात शिरला. हाक कुणाची होती हे खुंट्याने कुठेही सांगितलं नाही, कारण तसं सांगत नाहीत. गोलकीपरनेही सांगितलं नाही, त्याचं कारण वेगळं.

आईने मात्र रेडिओवर मुलाचं नाव आणि "गोल" हे दोन शब्द एका दमात ऐकले आणि पुढचं काही ऐकायच्या आत ती जिना उतरली. खालच्या मजल्यापासून गच्चीपर्यंत सगळ्या बिल्डिंगीला तिने सांगितलं की आमच्याने गोल केला. नंतर सुनेने हळूच समजावलं की तो सेल्फ गोल होता, म्हणजे आपल्याच बाजूला. आईने क्षणभर विचार केला. "जाळ्यात गेला ना?" ती म्हणाली. "मग झालं तर."

म्हणून रविवारच्या बेताची बातमी घरी पोचली, तेव्हा खुंट्याला साथ द्यायला कुणीच नव्हतं. बातमी सेक्रेटरींनीच आईला फोन करून दिली होती. ते माणसं ओळखून होते. आईने नुकतंच डोळ्याचं ऑपरेशन करून घेतलं होतं. तिने नवा चष्मा पुसून ठेवला, मैदानावर बसायला पाठीची उशी काढून ठेवली आणि म्हणाली, "एकदा डोळ्यांनी बघते. मग काही मागणं नाही."

"आई, तो खोटा गोल आहे."

"तुझा मागचा कुठला खरा होता?"

खुंटा बायकोकडे वळला. ती पट्ट्या गुंडाळत बसली होती. "तुम्हाला काय करायचं ते करा," ती म्हणाली. "मी बघते तेव्हा चेंडू कुठे असतो ते मला आजतागायत कळलेलं नाही. मी आपली तुमच्याकडे बघत असते, कुठे फुटताय म्हणून."

रविवारी मैदान बऱ्यापैकी भरलं. समोर जुना प्रतिस्पर्धी क्लब, आणि त्यांच्याकडून खास या सामन्यासाठी बूट चढवून आलेला भिंगरी. भिंगरी म्हणजे त्यांचा नावाजलेला स्ट्रायकर, खुंट्याच्याच वयाचा. जागच्या जागी गरकन वळायचा म्हणून भिंगरी. आता पोट सुटलं होतं, त्यामुळे आधी भिंगरी वळायचा आणि पोट थोड्या वेळाने. सगळी कारकीर्द दोघांनी एकमेकांचे शर्ट ओढण्यात घालवली होती, आणि एकमेकांच्या शर्टाचं कापड त्यांना बायकांपेक्षा चांगलं ठाऊक होतं. आज मात्र भिंगरी चेंडू आला की दोन पावलं टाकून सोडून द्यायचा आणि हसायचा. पाहुण्याला चहा पुढे करावा तसे सगळे खुंट्याला चेंडू पुढे करत होते. खुंट्याच्या कानशिलांना राग चढत गेला.

सामना संपत आला. सेक्रेटरींनी बाहेरून रुमाल हलवला. खुंटा पुढे गेला. ठरलेल्या पोराने त्याला पाठीवर धक्का दिला. खुंटा उभा. पोराने जरा जोर लावला. खुंटा उभा. "काका, पडा ना," पोरगं काकुळतीला आलं, "मला साहेब ओरडतील." खुंटा हललासुद्धा नाही. शेवटी पोरगंच आपल्या जोराने घसरून पडलं, आणि रेफरीने, आता काहीतरी करायलाच हवं म्हणून, पेनल्टी देऊन टाकली. पडलेला एका संघाचा आणि पेनल्टी दुसऱ्याला, असा निर्णय त्या मैदानाने पूर्वी पाहिला नव्हता.

चेंडू ठिपक्यावर ठेवला गेला. गोलकीपरने मान कलती करून, मी इकडे जातो, तू तिकडे मार, अशी खूण केली. कॅमेरावाला गोलच्या मागे जाऊन बसला. गॅलरीत आई उशी सोडून उभी राहिली, चष्मा दोन्ही हातांनी धरून.

खुंट्याने तिच्याकडे पाहिलं, आणि खरं सांगायचं तर त्याचा पाय मागे गेला. मारून टाकावा. काय बिघडतं? तिने तरी आयुष्यात दुसरं काय मागितलं? मग त्याने समोर पाहिलं. गोलकीपर आधीच डावीकडे सरकून, जाळं मोकळं सोडून, गालात हसत उभा होता. ज्या मोकळ्या जाळ्यापुढे उभं राहण्यासाठी खुंट्याने नाक, भुवई आणि दोन्ही गुडघे दिले, तेच जाळं त्याला कुणी असं दार उघडून दाखवत होतं. त्याच्या डोक्यात सणक गेली.

त्याने चेंडू उचलून काखेत मारला, चालत मैदानाच्या मध्यावर गेला आणि तो भिंगरीच्या पायाशी ठेवला.

"ये," तो म्हणाला. "आणि खरा ये."

"अरे, वेड लागलं का? माझा गुडघा बघ."

"माझे दोन्ही तसेच आहेत. ये."

भिंगरीने त्याच्या तोंडाकडे पाहिलं. मग हसणं थांबवून त्याने मोजे वर ओढले. खुंटा उलट्या पावलांनी आपल्या गोलकडे सरकत गेला. बाकीचे जागच्या जागी थिजले. रेफरीने शिट्टी तोंडात धरली आणि तशीच ठेवली.

भिंगरी आला, आणि खरोखर आला. डावा खांदा टाकला, उजवा टाकला, पोटही वेळेवर वळवलं. खांद्यांकडे बघणारा फसतो. खुंट्याने खांदे पाहिलेच नाहीत, चेंडू पाहिला. मागे, मागे, अजून मागे, आणि चेंडू पायापासून वीतभर सुटला तसा तो गवतावरून घसरत गेला, आयुष्यात हजारदा गेला होता तसा. चेंडू स्वच्छ निघाला, रेषेबाहेर उडाला आणि निवेदकाच्या टेबलावरचा पाण्याचा तांब्या घेऊन खाली पडला. भिंगरीला ओरखडासुद्धा नाही.

निवेदकाने हातातल्या कार्यक्रमाच्या कागदावरून मान वर केली नव्हती. तांब्या पडल्याबरोबर तो माइकमध्ये ओरडला, "गोल! निरोपाचा गोल!" सेक्रेटरींनी टाळ्या सुरू केल्या. लोकांनीही केल्या.

खुंटा उठला. गुडघा धरत, लंगडत टेबलापाशी गेला आणि निवेदकाच्या हातातला माइक काढून घेतला.

"गोल झालेला नाही," तो म्हणाला. "होऊ दिला नाही."

टाळ्या थांबल्या. मग गॅलरीच्या एका कोपऱ्यातून त्या पुन्हा सुरू झाल्या, थोड्याच, पण जोरात. वाजवणाऱ्यांत भिंगरी पहिला होता.

घरी जाताना आई उशी काखेत धरून चालली होती. खुंटा मनात माफीची जुळवाजुळव करत होता.

"त्या जाड्याला लागलं नाही ना?" तिने विचारलं.

"नाही."

"त्याच्या पायातून काढलास, आणि त्याला कळलंसुद्धा नाही." मग ती एकदम तापली. "हे करत होतास, तर आधी कधी दाखवलं का नाहीस?"

"मी काय लपून खेळत होतो?" खुंटाही तापला. बायको मधे पडली नाही. ती त्याचं कोपर बघत होती. फुटलं होतं.

सोमवारी पेपरात आतल्या पानावर चार ओळी आल्या: निरोपाच्या सामन्यात पेनल्टी वाया घालवली. फोटो भिंगरीचा. खुंट्याने पेपर आपटला आणि संपादकाला फोन लावायला घेतला. पण खालून आवाज ऐकू आला, म्हणून तो दारात गेला.

आई जिन्यात उभी होती. पहिल्या मजल्यावरच्या बाईंनी पेपर वाचून विचारलं होतं, म्हणजे शेवटीसुद्धा गोल नाहीच का हो?

"नाही म्हणजे काय?" आई म्हणत होती. "अहो, होऊ दिला नाही त्याने! होऊ न देणं म्हणजे काय असतं, माहीत आहे का तुम्हाला? या इकडे. हा कठडा गोल समजा. तुम्ही जाड्या. या माझ्या अंगावर. अशा नाही, खऱ्या या."