पूजेत जाऊन बसलेली आमची पोथी

आत्या माझ्याहून फक्त सहा वर्षांनी मोठी. मी बारा वर्षांची, ती अठराची. शाळा संपलेली आणि स्थळं बघणं चाललेलं. दुपारी तिला काही काम नसे आणि नेमकं दुपारीच तिला सगळं सुचे. पन्नासचं दशक संपत आलं होतं. तंजावरच्या राजवाड्यामागच्या आमच्या गल्लीत त्या उन्हाळ्यात तिनं एक देशच काढला. त्या देशाला राजा नव्हता. देव मात्र होते, तीन बहिणी, आणि तिघींत मिळून एकच नथ.

"देव आहेत म्हणजे पोथी पाहिजेच," आत्या म्हणाली.

मग आम्ही ताडाच्या पानांचे दोन विंझणे उसवले आणि पट्ट्या सारख्या कापल्या. दाभणानं अक्षरं कोरायची, तेलात कालवलेलं काजळ वर चोळायचं आणि फडक्यानं पुसायचं. अक्षरं अशी काळीभोर उठायची की मला टाळ्या पिटाव्याशा वाटत. लिपी आत्याची. थोडी मोडीची वळणं, थोडी तमिळची वेटोळी, आणि जिथे अडलं तिथे मासोळी. मासोळी म्हणजे 'म'. लिहून झाल्यावर पानं आठवडाभर चुलीवर धुरात टांगली. पोथीबाईसाहेब जुन्या दिसू लागल्या, तेव्हा त्यांना तांबड्या फडक्यात गुंडाळून माझ्या दप्तरात ठेवलं.

नवरात्र आलं. सरस्वतीपूजेच्या दिवशी आईनं घरातली अस्की पुस्तकं गोळा केली, अस्की म्हणजे सगळी. माझं दप्तरही रिकामं केलं. आरतीला उभी राहिले तर पुस्तकांच्या ढिगावर, अगदी वर, तांबडं फडकं! आजोबा त्याला गंध लावत होते. आत्यानं माझ्या दंडाला असा चिमटा काढला की मी आरतीत भलत्याच ठिकाणी ओरडले. लोकांना वाटलं, भक्ती.

पूजेला मांडलेल्या पुस्तकाला दुसऱ्या दिवसापर्यंत हात लावायचा नसतो. ते चोवीस तास आम्ही कसे काढले, विचारू नका. प्रसादाचं सुंडल, म्हणजे चण्यांची उसळ, खाताना एकमेकींकडे पाहिलं की चणे नाकात जायचे.

विजयादशमीला सकाळी प्रत्येकानं एक ओळ वाचायची. आजोबांनी मानानं पहिलं ते तांबडं फडकंच सोडलं. पान उजेडात धरलं, आडवं केलं, उलटं केलं.

"हें कोठलं?" त्यांनी आईला विचारलं.

"घरातलंच असेल, मामंजी. तुमच्या आजोबांचं वगैरे."

आजोबांचा चेहरा असा उजळला की मला रडू आलं आणि हसूही आलं. त्यांनी समोरच्या घरातून मास्तरांना बोलावलं. मास्तर संस्कृत शिकवून निवृत्त झालेले. त्यांना न येणारी लिपी जगात नाही असं गल्ली म्हणे, आणि त्यांचाही तसाच समज होता.

मास्तरांनी चष्मा पुसला आणि पान हुंगलं. "हिंगाचा वास येतो. पूर्वी किडीसाठी लावत. फार जुना ग्रंथ, फार जुना!"

आत्यानं पदराचा बोळा तोंडात कोंबला.

मास्तर बोट फिरवत वाचू लागले. पहिल्याच ओळीतल्या मासोळीवर थांबले. "हा 'श्री'. श्री... श्रीसागर..."

"छे! मासोळी म्हणजे 'म'!" आत्या ओरडली.

तिनं तोंडावर हात ठेवला, पण आता काय उपयोग? आजोबांनी पान तिच्यापुढे धरलं.

"तूच वाच तर."

आधी ती अडखळत वाचू लागली. "पहिल्या दिवशी थोरल्या बहिणीला शिंक आली आणि समुद्र झाला. दुसऱ्या दिवशी मधलीनं विचारलं, मीठ घातलंस का?" आईच्या तोंडून हुंदक्यासारखं काहीतरी निघालं; ते हसू होतं. आत्याला जोर आला. "दुपारी कोणी कोणाला उठवूं नये. गणित हें पाप आहे, पण लहान पाप. सासूनं सुनेच्या आधी उठून रांगोळी घालावी."

इथे आजोबा कोसळले. धोतराच्या सोग्यानं डोळे पुसत, खांबाला धरून हसत होते. मी तर जमिनीवर लोळत होते.

हसले नाहीत ते एकटे मास्तर. त्यांचे कान लाल झाले होते. आत्याचं हसू तिथल्या तिथे विरलं. ती उठली आणि त्यांना वाकून नमस्कार केला.

"चुकलं मास्तर. तुमची थट्टा करायची नव्हती."

मास्तरांनी पान पुन्हा उजेडात धरलं. "तुझा 'ह' आणि 'भ' सारखेच दिसतात," ते म्हणाले. "वाचणाऱ्यानं काय करावं?"

"बदलते."

"बदल. आणि मला शिकव. मला न येणारी लिपी समोरच्या घरात असावी, हें बरं नव्हे."

ते खरोखर आले. रोज संध्याकाळी, पाटी घेऊन, इस्त्रीचं उपरणं घालून. आत्या त्यांना अक्षरं गिरवायला लावी आणि चुकलं की "पुन्हा" म्हणे. महिन्याभरानं त्यांनी स्वतःचा एक श्लोक रचून आणला: धाकट्या बहिणीनं ताक घुसळलं आणि त्यातून ढग निघाले. आत्यानं तो दोनदा वाचला.

"ताक आमच्या देशात नाही," ती म्हणाली.

मास्तर रुसले. दोन दिवस आलेच नाहीत. तिसऱ्या दिवशी आत्या आणि मी त्यांच्या दारात उभ्या राहिलो आणि देशात ताक आल्याचं त्यांना कळवलं.