न राबता खाल्लेली भाकरी

मी कोल्हापूर सोडलं त्या दिवशी आई मला स्टँडवर पोचवायला आली नाही. गाडी संध्याकाळची होती आणि संध्याकाळ ही धारा काढायची वेळ. लेक परदेशी चालली म्हणून म्हशी थांबत नाहीत. गगनबावड्याच्या रस्त्याला आमचं गाव. दादानं, म्हणजे माझ्या थोरल्या भावानं, बॅगा शेजाऱ्यांच्या जीपमध्ये टाकल्या, वहिनीनं हातावर दही ठेवलं आणि आई गोठ्यातून तशीच, शेणाचे हात पाठीमागं धरून दारापर्यंत आली. रडली नाही. म्हणाली, "जा. नीट ऱ्हा. आणि बसून खाऊ नगंस. बसून खाल्लं की माणूस बिघडतंय." एवढं बोलून ती परत आत गेली. वडील जाऊन बरीच वर्षं झाली होती, त्यामुळं निरोपाचं भाषण काय ते एवढंच.

तुम्ही गावात राहिलेले असा नाहीतर माझ्यासारखे बाहेर पडलेले, हे वाक्य तुमच्याही कानावरून गेलं असणार. आमच्या घरात ते रोजचं होतं. शाळेतून आलं की आधी वैरणीचा भारा, मग ताट. तापानं फणफणलेलं पोरसुद्धा निदान लसूण सोलायचं आणि मगच जेवायचं. त्यात कुणाला जुलूम वाटत नव्हता, मलाही वाटला नाही. भारा टाकून, हात धुऊन खाल्लेल्या भाकरीची गोडी मला अजून आठवते. पुढं कागलच्या पंचतारांकित एमआयडीसीत नोकरी लागली, तिथंही सगळी पाळी मशीनपाशी उभं राहून जायची. घरी आलं की पाय दुखायचे आणि भूक लागायची. दोन्ही मला हक्काचं वाटायचं.

नेदरलँड्समधल्या आइंडहोव्हनला आले आणि आयुष्यात पहिल्यांदा खुर्ची मिळाली. चांगली, पाठीला टेकू देणारी, बटण दाबलं की वर-खाली होणारी. दिवसभर स्क्रीनसमोर बसायचं, डिझाइन तपासायचं, मीटिंगमध्ये मान डोलवायची. दुपारी सगळे ब्रेड आणि चीज काढून बसले की माझा हात डब्याच्या झाकणावरच थांबायचा. मनात यायचं, सकाळपासून आपण केलंय काय? डोकं चालवणं हेही कामच, हे मला कळत होतं. पण अंगाला ते पटत नव्हतं, कारण अंगाला घाम आलेला नव्हता.

म्हणून मी ऑफिसला चालत जायला लागले. चालणं कमी वाटलं तशी पळायला लागले, कालव्याच्या कडेनं, आधी सकाळी आणि मग सकाळ-संध्याकाळ. लिफ्ट सोडली. सुट्टीच्या दिवशी जिम. पळून आलं की जेवण गोड लागायचं आणि मला वाटायचं, जमलं, इथंही आपल्या घरची रीत चालवता येते. मग ती रीत उलटी फिरली. पळणं झालं नाही तर जेवण नाही. कमी पळाले तर कमी जेवण. बर्फ पडला, पळाले. ताप होता, पळाले. कुणी वाढदिवसाचा केक हातात दिला तर तो खाण्याआधीच, तो कसा फेडायचा याचा हिशेब डोक्यात सुरू व्हायचा. हळूहळू माझं सगळं डोकं खाण्यानंच भरून गेलं आणि ताट मात्र रिकामं होत गेलं.

आणि लोक कौतुक करत होते! गावाकडच्या ग्रुपवर फोटो पडला की "काय मेन्टेन केलंय" म्हणून अंगठ्यांची रांग लागायची. आमच्या कोल्हापूर जिल्ह्यात व्यायाम करणाऱ्याला कुणी नावं ठेवत नाही. तंबाखू खा, पत्ते खेळा, गल्लीत दहा तोंडं बोलतील. पळणाऱ्याला कोण अडवणार? मलाही कुणी अडवावं असं वाटत नव्हतं, आणि त्या कौतुकाचा मला आता राग येतो.

माझी पाळी बंद झाली. केस गळायला लागले, उन्हाळ्यातही थंडी वाजायची. शेवटी पाऊल सुजलं, तेव्हा नाइलाजानं डॉक्टरकडं गेले. पावलाच्या हाडाला बारीक चीर पडली होती. डॉक्टर वयस्कर बाई होत्या. पाऊल बघून झाल्यावर त्यांनी सहज विचारलं, "ज्या दिवशी पळत नाहीस, त्या दिवशी जेवतेस का?" मी मोजा चढवायला लागले. त्या म्हणाल्या, पाय मोडलाय तो नुसता पळून नाही, उपाशी पळून मोडलाय. पळणं थांबवता न येणं आणि खायला घाबरणं, ही दोन दुखणी बऱ्याचदा एकमेकांचा हात धरून येतात. त्यांनी आहारतज्ज्ञ दिली, मानसोपचारवाली दिली, पाऊल हलू नये म्हणून पायात प्लास्टिकचा बूट दिला. तरी मी दार लावून त्या बुटासकट जमिनीवर व्यायाम करत होते. घरात धान्य असून न खाण्याचा आजार! हे आईला कोणत्या तोंडानं सांगणार होते? मी सांगितलंच नाही.

बूट निघाला आणि दादाचा फोन आला. आई गोठ्यात घसरून पडली होती, खुब्याचं हाड मोडलं होतं. रजा मिळायला आठवडा गेला, मग मिळेल त्या विमानानं निघाले. मी पोचेपर्यंत ऑपरेशन होऊन ती घरी आली होती आणि ती दवाखान्यात असतानाच दादानं म्हशी विकल्या होत्या. बरोबरच केलं त्यानं, करणार कोण? पण आईची खाट नेमकी गोठ्याकडच्या खिडकीशी होती आणि समोर मोकळी दावण दिसत होती.

वहिनी आईला आत्याबाई म्हणते. तिनं मला स्वयंपाकघरात ओढून सांगितलं, "आत्याबाई दिसाला एक भाकरी बी खाईनात. डॉक्टर म्हणत्यात, असं केलं तर हाड कसं जुळायचं? तुमचं तरी ऐकतील बगा." मी ताट घेऊन गेले. आईनं चतकोर मोडला, आमटीत बुडवला, गिळला आणि ताट सरकवलं. "जेवलो की. किती खायाचं? काम ना धाम. पडून खायाला गोड लागत न्हाय."

हे मला ठाऊक होतं. वहिनीला वाटत होतं तोंडाला चव नाही, दादाला वाटत होतं म्हातारी रुसलीय. त्या घरात फक्त मला कळत होतं की तिला भूक आहे, पण ती भूक आपली नाही असं तिला वाटतंय.

तरीही दुसऱ्या दिवशी पहाटे मी घराच्या स्लॅबवर जाऊन जागच्या जागी पळाले. पळू नको म्हणून डॉक्टरनी बजावलं होतं, पाऊल ठणकत होतं, पण त्याशिवाय मला दुपारचं ताट घेता आलं नसतं. स्लॅबखालीच आईची खाट. दुपारी दादा-वहिनी रानात गेलेले, मी तिचं ताट वाढून नेलं, तर ती म्हणाली, "तुझं कुठं हाय?"

"मी मागनं खातो."

"पहाटंपासनं वर दणादणा नाचत हुतीस. लंगडत खाली आलीस. तोंड बग आरशात, नुसती हाडं. कुणी सांगितलंय एवढं पळायला?"

"तूच की!" माझा आवाज चढला. "बसून खाऊ नगंस म्हणून तूच सांगितलंस न्हवं? तिथं मी दिवसभर बसूनच असतो. मग खाऊ कसं?"

आणि मग सगळं बाहेर पडलं. पाळीचं, पायाचं, डॉक्टरचं, केकचं. मी रडत होते आणि ओरडतही होते. आई खिडकीतून बाहेर बघत होती. तिकडंच बघत म्हणाली, "आगं, ते माझं बोलणं न्हवं. माझ्या सासूचं. नवी नवरी हुतो, भारा लहान आणला की ती भाकरी लहान थापायची. रडत खायचो. आणि तेच तुला सांगत बसलो बग." तिनं डोळे पुसले नाहीत, ते तसेच वाहू दिले. मी आईला रडताना त्याआधी पाहिलं नव्हतं.

ताट मधे गार होत होतं. तिनं भाकरी उचलली, बरोबर मधोमध मोडली आणि निम्मी माझ्या हातात दिली. "घे. दोघी बी रिकामटेकड्या. तू खाल्लीस तर मी खातो. न्हाईतर ऱ्हाऊ दे दोघींची."

तिचं हाड जुळायचं होतं. माझी अर्धी भाकरी नाकारायची म्हणजे तिची नाकारायची. मी खाटेवर बसले. घास तोंडात फिरत राहिला, खाली उतरेना. उठून जिना चढावा असं सारखं वाटत होतं. आईनं माझ्या गुडघ्यावर हात दाबून ठेवला आणि दुसऱ्या हातानं जेवत राहिली. आम्ही ती भाकरी संपवली, त्यानंतर मी कुठंही गेले नाही, तिच्या शेजारी पडून राहिले. तेवढी घाबरी मी परदेशात एकटी असतानाही झाले नव्हते.

मी आइंडहोव्हनला परत आले. बरी झाले असं म्हणणार नाही. मानसोपचारवालीकडं अजून जाते, पळायची अजून परवानगी नाही आणि कालव्याकडं बघितलं की पाय शिवशिवतात. आई काठी टेकत अंगणापर्यंत येते. आता घर म्हटलं की मला ना गोठा आठवत, ना शेत. जिथं माझ्या उपाशी राहण्यानं आणखी कुणीतरी उपाशी राहतं, ते घर. हे ओझंही आहे, काही दिवशी चीड आणणारं आहे, पण त्यातून सुटका मला नको आहे.

तिचं दुपारचं जेवण आणि माझी न्याहारी आम्ही फोनवर एकमेकींसमोर करतो. परवाची सकाळ वाईट होती. मी काहीच न खाता कॅमेरा तोंडाशी धरला आणि म्हटलं, "झालं माझं, तू घे." आमटीतला हात तिनं तसाच धरून ठेवला, शेजारून वहिनी "आत्याबाई, गार व्हालंय" म्हणत राहिली. मी उठले, ब्रेडला लोणी लावलं, खुर्चीत परत बसले आणि तिच्या डोळ्यांदेखत एक घास चावून गिळला. मग तिनं तिचा घास उचलला.